मुलचेऱ्याच्या बंगाली वस्त्या आणि महासत्तांचा हिशेब

अमेरिका, चीन, रशिया यांच्या धोरणांवर चर्चा निघाली की आपल्याकडे दोन प्रकारची माणसे भेटतात. काहीजण म्हणतात, हा मोठ्यांचा खेळ आहे, आपल्याला त्याचे काय? बाकीचे लगेच आपली बाजू ठरवतात. आम्हा मुसलमानांच्या बैठकीत ही बाजू बहुतेक वेळा धर्मावरून ठरते. अमुक देश मुसलमानांचा आहे म्हणजे आपला, तमुक त्याच्या विरोधात आहे म्हणजे दुश्मन. या दोघांनाही एकदा मुलचेऱ्याला न्यावे असे मला वाटते.

मुलचेरा हा गडचिरोली जिल्ह्यातला जंगलाचा तालुका. १९८२ मध्ये गडचिरोली वेगळा झाला, त्याआधी हा सगळा मुलूख चंद्रपूर जिल्ह्यातच होता. येथे माडिया आणि गोंड आदिवासींच्या गावांशेजारी सुंदरनगर, विवेकानंदपूर अशा नावांची गावे आहेत. तेथे घरात बंगाली बोलतात, बाजारात मराठी. धान पिकवतात, तळ्यात मासे वाढवतात, दुर्गापूजा थाटात करतात. ही माणसे पूर्व पाकिस्तानातून आलेल्या निर्वासितांची मुले आणि नातवंडे आहेत. त्यांतले बरेचजण नमशूद्र, म्हणजे बंगालच्या जातव्यवस्थेत सर्वांत खाली ठेवलेले शेतकरी आणि मच्छीमार. आठवडी बाजारात एका म्हाताऱ्या काकांना मी विचारले होते, "एवढ्या लांब इथेच कसे आलात?" ते म्हणाले, "सरकारने गाडीत बसवले. गाडी थांबली तिथे उतरलो." ती गाडी सुटली कुठून, हे पाहिले म्हणजे परराष्ट्र धोरण ही काय चीज आहे ते समजते.

सुरुवात लंडनमध्ये झाली. दुसऱ्या महायुद्धाने थकलेल्या ब्रिटनला भारतातून लवकर बाहेर पडायचे होते. सत्ता सोडण्याची मुदत जून १९४८ होती, ती ऑगस्ट १९४७ वर आणली. सीमा आखण्याचे काम रॅडक्लिफ या वकिलाकडे दिले. ते त्यापूर्वी कधी भारतात आलेले नव्हते आणि त्यांना जेमतेम पाच आठवडे मिळाले. निवाडा जाहीर झाला १७ ऑगस्टला, म्हणजे स्वातंत्र्यानंतर दोन दिवसांनी. थोड्या फरकाने हिंदू बहुसंख्य असलेला खुलना जिल्हा पाकिस्तानात गेला आणि मुस्लिम बहुसंख्य मुर्शिदाबाद भारतात आला. ज्यांची घरे होती त्यांना कुणी विचारले नाही.

याच नमशूद्र समाजातून आलेले जोगेंद्रनाथ मंडल पाकिस्तानचे पहिले कायदामंत्री झाले. १९४६ मध्ये बाबासाहेबांना बंगालमधून संविधान सभेवर पाठवण्यात त्यांचा मोठा वाटा होता. दलित आणि मुसलमान दोघेही सवर्ण जमीनदारांच्या वरवंट्याखालचे, म्हणून पाकिस्तानात दलितांना न्याय मिळेल, असा त्यांचा विश्वास होता. १९५० मध्ये पूर्व बंगालमध्ये दंगली झाल्या. त्याच वर्षी त्यांनी पाकिस्तान सरकारवर गंभीर आरोप करत राजीनामा दिला आणि ते भारतात परतले. इस्लामच्या नावाने स्थापन झालेल्या राज्याला आपल्या दुर्बल शेजाऱ्याचे रक्षण करता आले नाही, ही गोष्ट आपण मुसलमानांनी दुसऱ्या कुणी सांगण्याची वाट न पाहता स्वतः बोलली पाहिजे.

डिसेंबर १९६३ मध्ये श्रीनगरच्या हजरतबल दर्ग्यातून मू-ए-मुबारक चोरीला गेले. आठवडाभरात ते सापडलेही. पण काश्मीरमधल्या या चोरीचा सूड खुलन्यातल्या हिंदूंवर उगवला गेला, त्याचा सूड कोलकात्यातल्या मुसलमानांवर, आणि त्याचा पुन्हा ढाक्यातल्या हिंदूंवर. या तिन्ही शहरांतल्या गरिबांनी श्रीनगर पाहिलेसुद्धा नव्हते. १९६४ मध्ये सरहद्द ओलांडून आलेल्या लोंढ्याला सामावून घ्यायला पश्चिम बंगाल तयार नव्हता. मग रायपूरजवळची माना छावणी, तेथून बस्तर, कोरापूट आणि आपला चांदा जिल्हा. जंगल तोडून त्यांना जमिनी दिल्या. त्या जंगलावर जगणाऱ्या माडिया-गोंडांना मात्र कुणी विचारले नाही. एका उपेक्षिताचे पुनर्वसन दुसऱ्या उपेक्षिताच्या अंगणात झाले.

यानंतर आले १९७१. पूर्व पाकिस्तानने निवडणुकीत शेख मुजीब यांना स्पष्ट बहुमत दिले. सत्ता देण्याऐवजी याह्याखान यांच्या लष्कराने २५ मार्चच्या रात्री ढाक्यात गोळीबार सुरू केला. लाखो माणसे मेली. मारले गेलेले बंगाली मुसलमान होते, मारणारेही मुसलमान. हिंदू वस्त्या तर वेचून जाळल्या गेल्या. सुमारे एक कोटी माणसे भारतात आली.

त्या वेळी मोठे देश काय करत होते? ढाक्यातले अमेरिकेचे वाणिज्यदूत आर्चर ब्लड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ६ एप्रिलला वॉशिंग्टनला तार करून आपल्याच सरकारच्या मौनाचा निषेध केला. निक्सन यांनी ब्लड यांची बदली केली. कारण याह्याखान त्यांच्यासाठी निरोप्याचे काम करत होते. सोव्हिएत संघाविरुद्ध अमेरिकेला चीनशी दोस्ती हवी होती आणि ती वाट पाकिस्तानातून जात होती. जुलैमध्ये किसिंजर पाकिस्तानात आले, पोट बिघडल्याचे सोंग केले आणि गुपचूप बीजिंगला जाऊन आले. इकडे निर्वासितांच्या छावण्यांत पटकी पसरली होती.

क्रांतीची भाषा बोलणारा चीन लष्करशहाच्या पाठीशी उभा राहिला. बांगलादेश झाल्यावर त्याचा संयुक्त राष्ट्रांतला प्रवेशही चीनने ऑगस्ट १९७२ मध्ये नकाराधिकार वापरून रोखला. सोव्हिएत संघाने ऑगस्ट १९७१ मध्ये भारताशी करार केला आणि डिसेंबरमध्ये सुरक्षा परिषदेत भारताच्या बाजूने नकाराधिकार वापरला. आपल्याला त्याचा फायदा झाला. पण त्याच सोव्हिएत संघाने तीनच वर्षांपूर्वी चेकोस्लोव्हाकियात रणगाडे घातले होते. बंगाल्यांच्या दुःखाने त्याला पाझर फुटला असे समजणे भाबडेपणाचे ठरेल. भारतालाही निर्वासितांचा भार आणि पाकिस्तानला दुबळे करण्याची संधी, दोन्ही दिसत होते. हित साधताना कधी मजलुमाचेही भले होते. १९७१ मध्ये ते झाले, आणि त्याचे मोल मी कमी करत नाही. पण भले झाले म्हणून हेतूही तोच होता, असे होत नाही.

आणि मुस्लिम देश? बहुतेकांनी पाकिस्तानची अखंडता महत्त्वाची मानली. जॉर्डनने तर पाकिस्तानला अमेरिकन बनावटीची लढाऊ विमाने दिली. सौदी अरेबियाने बांगलादेशाला मान्यता दिली ती मुजीब यांची हत्या झाल्यानंतर, ऑगस्ट १९७५ मध्ये. जगातल्या सर्वांत मोठ्या मुस्लिम लोकसमूहांपैकी एक मार खात होता आणि उम्मतचे नाव घेणारे मारणाऱ्याच्या बाजूला होते. पाकिस्तानला साथ देणाऱ्या उर्दूभाषक बिहारी मुसलमानांचे काय झाले? पाकिस्तानने त्यांच्यातल्या काहींनाच नेले. बाकीचे ढाक्याच्या जिनिव्हा कॅम्पसारख्या वस्त्यांत अडकले. तेथल्या न्यायालयाने त्यांचे नागरिकत्व स्पष्टपणे मान्य केले ते २००८ मध्ये. मुलचेऱ्यातला नमशूद्र आणि ढाक्यातला बिहारी एकाच हिशेबात खर्ची पडले. एकाने पाकिस्तानवर विश्वास ठेवून घर गमावले, दुसऱ्याने पाकिस्तानसाठी घर गमावले.

ही जुनी कहाणी म्हणून सोडून देता येत नाही. २०१९ मध्ये शिनजियांगमधल्या उइगुर मुसलमानांच्या छळावर काही देशांनी संयुक्त राष्ट्रांत पत्र दिले. त्याला उत्तर म्हणून चीनची तारीफ करणारे दुसरे पत्र गेले. त्यावर पाकिस्तान आणि सौदी अरेबियाच्याही सह्या होत्या. २०१७ मध्ये सात लाखांहून अधिक रोहिंग्या म्यानमारमधून पळाले, तेव्हा सुरक्षा परिषदेत चीन आणि रशिया आडवे आले. गाझात बालके मरत असताना अमेरिकेने युद्धबंदीचे ठराव एकामागून एक अडवले, आणि इस्रायलशी संबंध जोडलेल्या अरब राज्यकर्त्यांनी ते तोडले नाहीत. भारतानेही ऑक्टोबर २०२३ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या महासभेत युद्धविरामाच्या ठरावावर तटस्थ राहणे पसंत केले.

म्हणून माझे म्हणणे एवढेच आहे. कोणत्याही देशाचे धोरण त्याच्या झेंड्यावरच्या चंद्रकोरीवरून किंवा त्याच्या तोंडच्या लोकशाहीवरून जोखू नका. तीन प्रश्न विचारा. हत्यारे कोण देतो? त्या बदल्यात त्याला काय मिळते? आणि घर सोडून पळणारा माणूस कोण आहे? तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर बहुतेक वेळा एकच निघते. तो गरीब असतो, आणि त्याला कुणी विचारलेले नसते. कुरआनच्या सूरह निसामध्ये स्वतःविरुद्ध किंवा आईवडिलांविरुद्ध साक्ष द्यावी लागली तरी न्यायावर ठाम राहण्याचा आदेश आहे. मग पाकिस्तान किंवा सौदी सरकार यांच्यासाठी आपण वेगळा तराजू कुठून आणतो? जो मुसलमान गाझासाठी रडतो आणि १९७१ च्या बंगाल्यांबद्दल गप्प बसतो, त्याच्या रडण्यावर दुसऱ्यांनी विश्वास का ठेवावा?

हाच प्रश्न माझ्या हिंदू मित्रांनाही आहे. निर्वासित हिंदूंचे नाव येथे अनेकदा घेतले जाते ते शेजारच्या मुसलमानाला टोमणा मारण्यासाठी. पण पश्चिम बंगालमध्ये अनुसूचित जातीत असलेला नमशूद्र महाराष्ट्राच्या यादीत नाही. येथे जन्मलेली त्याची मुले जातीच्या दाखल्यासाठी झगडत आली आहेत. त्या वेळी हे कळवळणारे कुठे असतात? १९७१ चा अभिमान बाळगणाऱ्यांनी रोहिंग्या मुलाकडे पाहताना त्या वर्षीच्या छावण्या आठवायला काय हरकत आहे?

वॉशिंग्टन आणि बीजिंगचे धोरण आपण बदलू शकत नाही. पण त्या धोरणाने उखडलेली माणसे आपल्याच बाजारात भाजी आणि मासळी विकत आहेत. नमशूद्रांच्या दाखल्याच्या मागणीला आणि माडिया-गोंडांच्या वनहक्काला गडचिरोली-चंद्रपूरच्या मुसलमानांनी उघडपणे साथ द्यावी. पॅलेस्टाइनसाठी आपण काढतो तसा एखादा मोर्चा त्यांच्यासाठीही निघू द्या. मग जगातल्या जालिमांविरुद्ध आपण जे बोलतो, त्याला वजन येईल.