उद्याच्या ऊर्जेचा खर्च कोणाच्या खात्यावर?

झाशीहून रेल्वेने दक्षिणेकडे निघाले की सुमारे दीडशे किलोमीटरवर बीना लागते. तेथील तेलशुद्धीकरण प्रकल्पापासून समुद्र फार दूर आहे. कच्चे तेल गुजरातमधील वाडीनारहून सुमारे ९३५ किलोमीटर लांबीच्या नळवाहिनीने येते. २०११ मध्ये सुरू झालेल्या या प्रकल्पाची वार्षिक क्षमता आज ७८ लाख टन आहे. ती ११० लाख टनांवर नेण्याच्या आणि शेजारी इथिलीन संकुल उभारण्याच्या कामाची पायाभरणी १४ सप्टेंबर २०२३ रोजी झाली. अंदाजित खर्च सुमारे ४९,००० कोटी रुपये. आमच्या बुंदेलखंडाच्या परिसरात एवढी गुंतवणूक अपूर्वच म्हणावी लागेल.

या गुंतवणुकीचा अर्थ नीट समजून घ्यायला हवा. इथिलीन हा प्लास्टिकचा कच्चा माल आहे. उद्या वाहने विजेवर धावू लागली, तरी पाण्याच्या नळ्या, वेष्टने आणि धागे लागणारच, हा त्यामागील हिशेब दिसतो. व्यवसाय म्हणून तो रास्त आहे; पण त्याला स्वच्छ ऊर्जा म्हणता येणार नाही. भारत पेट्रोलियमने २०४० पर्यंत निव्वळ शून्य उत्सर्जनाचे उद्दिष्टही जाहीर केले आहे. त्यासाठी लागणारे भांडवल वेगळे आणि तेही मोठे आहे. ते येणार कोठून?

कंपनीचे ताळेबंद पाहिले की या प्रश्नाचे गांभीर्य कळते. २०२२-२३ मध्ये तिचा निव्वळ नफा १,८७० कोटी रुपये होता. पुढच्याच वर्षी तो २६,६७३ कोटींवर गेला. कागदोपत्री पेट्रोलचे दर २०१० पासून आणि डिझेलचे २०१४ पासून कंपन्याच ठरवतात. प्रत्यक्षात युक्रेन युद्धानंतर कच्चे तेल महागले तेव्हा पंपावरील दर रोखून धरले गेले. पुढे ते स्वस्त झाले, तेव्हाही दर बहुतांशी तेथेच राहिले. ग्राहकाला झळ लागू न देणे हे शासनाचे कर्तव्य आहे, असे मी सेवेत असतानाही मानत होतो. परंतु त्या कर्तव्याची किंमत कंपनीच्या खात्यावर टाकली की भविष्याची तरतूद नशिबावर सोडली जाते.

ऊर्जा संक्रमणासाठी तेल कंपन्यांना भांडवल देण्याकरिता फेब्रुवारी २०२३ च्या अर्थसंकल्पात ३०,००० कोटी रुपये ठेवले गेले. वर्षभरात ती रक्कम निम्मी झाली आणि जुलै २०२४ च्या अर्थसंकल्पात तिच्यासाठी काहीच उरले नाही. नफा वाढला असताना सरकारी मदत कशाला, हा युक्तिवाद वरवर बिनतोड वाटतो. मात्र त्या नफ्याइतकीच आदल्या वर्षीची घसरणही खरी होती.

इतिहासाच्या विद्यार्थ्याला यात आणखी एक गोष्ट दिसते. १९७६ मध्ये बर्मा शेलचा भारतातील व्यवसाय ताब्यात घेऊन शासनाने ही कंपनी उभी केली. २०१९ मध्ये आपला सुमारे ५३ टक्के हिस्सा विकण्याचे ठरवले आणि मे २०२२ मध्ये विक्री थांबवली. शुद्धीकरण संकुलाचे आयुष्य काही दशकांचे असते. मालकाचा विचार तीन वर्षांत दोनदा बदलत असेल, तर व्यवस्थापनाने दूरचे काय पाहावे?

उपाय अवघड नाही. खतांच्या अनुदानाची रक्कम दरवर्षी अर्थसंकल्पात छापली जाते. रोखलेल्या इंधनदरांचा भारही तसाच दाखवावा. स्वयंपाकाच्या गॅसमधील तोट्यापोटी ऑक्टोबर २०२२ मध्ये तीन कंपन्यांना २२,००० कोटी रुपये दिले गेले, म्हणजे असा भार मोजता येतो. त्याबरोबरच इंधन, प्लास्टिकचा कच्चा माल आणि स्वच्छ ऊर्जा यांवरील गुंतवणूक कंपनीने संसदेपुढे स्वतंत्रपणे मांडावी. निवडणुकीच्या तोंडावर असा उघड हिशेब कोणत्याही पक्षाच्या सरकारला अडचणीचा वाटेल. पण आपल्या कच्च्या तेलापैकी ८५ टक्क्यांहून अधिक तेल परदेशांतून येते. पुढचे तेलसंकट आले की हा हिशेब मागितला जाईलच. तो त्याआधी तयार असावा, एवढीच अपेक्षा.