रामजन्म त्रेपन्नावा

मावशीची नजर गेल्या दोन वर्षांत फार अधू झाली. वर्तमानपत्र सुटलं, टीव्ही नुसता ऐकण्यापुरता उरला. मोबाइलच्या गुळगुळीत काचेवर बोट नेमकं कुठे टेकवायचं ते तिला उमगत नाही. म्हणून तिच्यासाठी मेमरी कार्डावर चालणारा, बटणांचा छोटा प्लेअर आणला. मागणी एकच होती: गीतरामायण, आणि तेही सगळं.

पुणे आकाशवाणीवरून १९५५-५६ साली गदिमा आणि बाबूजींचं गीतरामायण दर आठवड्याला एक गीत याप्रमाणे प्रसारित झालं, तेव्हा मावशी आठ वर्षांची होती. शेजाऱ्यांच्या रेडिओपुढे बसून ऐकलेला तो क्रम तिच्या मनात पक्का आहे.

घरातल्या सीडींवरून मी ५६ गीतं संगणकावर घेतली, नावापुढे १ ते ५६ आकडे घातले आणि कार्डात भरली. मावशीनं बटण दाबलं. पहिलं गीत संपलं, दुसरं सुरू झालं आणि तिनं मान वर केली. "अगं, अयोध्या कुठे गेली? हे तर मिथिलेला निघाले!"

चूक आकड्यांची होती. आपण एकानंतर दोन म्हणतो. हा प्लेअर मात्र नावातलं एकेक चिन्ह डावीकडून ताडून पाहतो. त्याच्या लेखी १ नंतर १०, ११ असं करत १९, आणि मग २. त्यामुळे बारावं सीतास्वयंवराचं गीत चौथं लागणार होतं आणि सहावं, रामजन्माचं, थेट त्रेपन्नावं. राम जन्मण्याआधीच त्याचं लग्न, वनवास, लंकाविजय, सगळं उरकून गेलं असतं.

उपाय साधा निघाला. १ ते ९ च्या आधी शून्य लावलं: ०१, ०२, ०३. कार्ड पुसलं आणि गीतं त्याच क्रमानं पुन्हा भरली, कारण काही प्लेअर नाव न बघता भरल्या क्रमानंच वाजवतात. गाणी आपोआप उलटसुलट क्रमानं लावण्याची सोयही बंद केली.

जागेचा प्रश्नच नव्हता. साध्या दर्जाच्या एमपीथ्रीला मिनिटाला साधारण एक एमबी लागतो, म्हणजे ३२ जीबीच्या कार्डात पाचशे तासांहून अधिक गाणी बसतात. दुकानदार हजारो गाणी भरून द्यायला तयार होता. मी नको म्हटलं. नजर अधू झालेल्या माणसाला त्या ढिगात आपलं गाणं सापडत नाही, आणि हवं ते सापडलं नाही की चार दिवसांत यंत्र कपाटात जातं. मावशीच्या कार्डात गीतरामायण आहे, थोडे अभंग आहेत. बाकी काही नाही.

शेवटी तिच्या डबीतली एक जाड, खड्याची टिकली मी चालू-बंदच्या बटणावर चिकटवली. मावशीनं अंगठा फिरवला, टिकली लागली, दाबलं. या वेळी दुसऱ्या गीतात अयोध्या आली. ती काहीच बोलली नाही, फक्त मांडीवर बोटांनी ताल धरला.

घरातल्या वडीलधाऱ्यांना असा प्लेअर देणार असाल, तर सीलबंद डबा हातात ठेवून निघू नका. गाणी भरा, क्रम लावा, त्यांच्यासमोर पहिली चार गाणी वाजवून बघा. एका दुपारचं काम आहे.