निर्वाचक मंडळाची भलावण

दर चार वर्षांनीं अमेरिकेंत अध्यक्षाची निवडणूक होते आणि त्याच सुमारास आपल्याकडील व्याख्यानपीठांवरून एक सूचना हटकून ऐकूं येते: आपणहि संसदीय पद्धतीचें जोखड टाकून अध्यक्षीय पद्धति स्वीकारावी, तेथें पाहा, राष्ट्राचा प्रमुख कोण असावा हें प्रत्यक्ष जनता ठरविते! असें बोलणारे गृहस्थ विद्वान् असतात. कित्येकांनीं तिकडील विद्यापीठांच्या पदव्याहि मिळविलेल्या असतात. म्हणूनच त्यांच्या या विधानाची गय करणें मला योग्य वाटत नाहीं. अमेरिकेंतील जनता आपला अध्यक्ष प्रत्यक्ष निवडीत नाहीं. तिनें तो आजवर एकदांहि निवडलेला नाहीं.

मतदार कायद्यानें मत देतो तें आपल्या संस्थानांतील निर्वाचकांना. एकंदर निर्वाचक ५३८. प्रतिनिधिगृहांतील सभासद आणि सेनेटमधील दोन, यांच्या बेरजेइतके निर्वाचक प्रत्येक संस्थानास मिळतात. राजधानीच्या जिल्ह्यास १९६१ सालच्या घटनादुरुस्तीनें तीन मिळाले. ज्याच्याकडे २७० तो अध्यक्ष. मेन आणि नेब्रास्का हीं दोन संस्थानें सोडल्यास सर्वत्र नियम असा कीं, संस्थानांत ज्यास एक मत अधिक, त्याच्या पदरीं सगळेच्या सगळे निर्वाचक. २०२० सालीं कॅलिफोर्नियांत ट्रंप यांना साठ लाख मतें पडलीं. त्यांनीं जिंकलेल्या टेक्सासमध्येंहि त्यांना इतकीं मतें मिळालीं नव्हतीं. या साठ लाखांच्या वाट्यास निर्वाचक किती आले? एकहि नाहीं. २००० सालीं गोर यांना देशभरांत पांच लाखांहून अधिक मतांचें आधिक्य असूनहि ते हरले, कारण फ्लोरिडांत पडलेल्या सुमारें साठ लाख मतांत ते ५३७ मतांनीं मागें राहिले. २०१६ सालीं श्रीमती क्लिंटन यांचें आधिक्य तर अठ्ठावीस लाखांवर होतें. २०२४ सालीं दोन्ही हिशेब जुळले हें खरें. पण तराजू खोटा असला तरी एखादें माप बरोबर उतरतेंच.

या पद्धतीमुळें लहान संस्थानांचें संरक्षण होतें, असें समर्थक म्हणतात. वायोमिंगमध्यें दर निर्वाचकामागें दोन लाखांहून कमी माणसें, कॅलिफोर्नियांत सात लाखांहून अधिक, इतका पक्षपात करूनहि वायोमिंगच्या पदरीं काय पडतें? तेथें उमेदवार फिरकत नाहींत. ते फिरतात पेनसिल्व्हेनियांत, मिशिगनमध्यें, जॉर्जियांत. हीं कांहीं लहान संस्थानें नव्हेत, तेथील पारडें डळमळतें आहे एवढेंच. माझी भाची न्यू जर्सींत राहते. तेथील नागरिक होऊन तिला बरींच वर्षें झालीं. तिच्या दारीं आजवर अध्यक्षपदाच्या उमेदवाराचा एकहि माणूस मत मागावयास आलेला नाहीं. डेलावेअर नदीपलीकडे पेनसिल्व्हेनियांत तिची मैत्रीण राहते. ती मात्र निवडणुकीच्या महिन्यांत दाराची घंटा ऐकून वैतागून जाते.

संघराज्य म्हटलें कीं असें असावयाचेंच, हाहि युक्तिवाद फुकाचा आहे. आपलें संघराज्यच आहे ना? आपल्या राष्ट्रपतीच्या निवडणुकींत १९७१ सालच्या लोकसंख्येच्या आधारें महाराष्ट्रांतील आमदाराच्या मताचें मूल्य १७५ आणि सिक्कीममधील आमदाराच्या मताचें ७ धरलेलें आहे. शिवाय प्रत्येक आमदाराचें मत तो देईल त्यालाच मिळतें. बहुसंख्यांच्या पेटींत तें ढकललें जात नाहीं.

पण सर्वांत अधिक चीड येते ती घटनाकारांच्या दूरदृष्टीचे गोडवे ऐकून. १७८७ सालीं फिलाडेल्फियाच्या परिषदेंत जेम्स विल्सन यांनीं अध्यक्षाची निवड लोकांकडे सोपवावी असें सुचविलें होतें. मॅडिसन यांनाहि तत्त्वतः लोकच योग्य वाटत होते. परंतु त्यांनीं १९ जुलै रोजीं अडचण बोलून दाखविली ती अशी कीं, उत्तरेकडे मताधिकार अधिक पसरलेला असल्यामुळें आणि दक्षिणेंत निग्रो गुलामांना तो नसल्यामुळें अशा निवडणुकींत दक्षिणेचें कांहीं चालणार नाहीं. निर्वाचकांच्या योजनेनें ती अडचण दूर झाली. पांच गुलाम म्हणजे तीन माणसें, या हिशेबानें प्रतिनिधींची संख्या ठरली होती. तीच निर्वाचकांनाहि लागू पडली. गुलामाला मत नाहीं, पण त्याच्या शरीराच्या जोरावर त्याच्या धन्याच्या मताला वजन! पहिल्या छत्तीस वर्षांपैकीं बत्तीस वर्षें अध्यक्षपद व्हर्जिनियाच्या गुलामधारक पुढाऱ्यांकडे राहिलें, हें लक्षांत ठेवावें. दूरदृष्टि खरीच, ती कोणाच्या हिताची, एवढाच प्रश्न.

हॅमिल्टन यांनीं सुज्ञ निर्वाचक शांतपणें विचार करून निवड करतील असें लिहिलें होतें. त्या विचाराचें आज काय झालें आहे? २०१६ सालीं वॉशिंग्टन संस्थानांतील तिघां निर्वाचकांनीं पक्षाचा उमेदवार सोडून दुसऱ्याला मत दिलें, तेव्हां प्रत्येकीं हजार डॉलर दंड झाला आणि २०२० सालीं सर्वोच्च न्यायालयानें तो कायम केला.

मंडळ वगळून बाकीची पद्धति आपण घ्यावी, असें कोणी म्हणेल. अमेरिकनांनींहि तें वगळावयाचा प्रयत्न केला होता. १९६९ सालीं प्रतिनिधिगृहानें ३३८ विरुद्ध ७० मतांनीं प्रत्यक्ष निवडणुकीची दुरुस्ती मंजूर केली. पुढच्या वर्षीं सेनेटमध्यें लहान आणि दक्षिणेकडील संस्थानांच्या कांहीं सभासदांनीं भाषणें लांबवून ती मतास टाकूंच दिली नाहीं. त्यानंतर अर्धशतक उलटून गेलें, पण प्रतिनिधिगृहानें तशी दुरुस्ती पुन्हा मंजूर केलेली नाहीं.