नऊशे नव्याण्णव वर्षांचा पट्टा

२०२२च्या लक्ष्मीपूजनाला आमच्या सोसायटीत पेढे दोनदा आले. एकदा पूजेचे, दुसऱ्यांदा ऋषी सुनक यांचे. हुजूर पक्षाने त्यांना नेता निवडल्याची बातमी संध्याकाळी टीव्हीवर झळकली आणि चौथ्या मजल्यावरचे काका ताट घेऊन खाली उतरले. "बसला आपला माणूस तिकडे," म्हणाले. त्याच सुमारास कमिटीपुढे कन्व्हेयन्सचा विषय होता. वकिलाने जमिनीच्या मालकीची जी साखळी लिहून दिली होती, तिची पहिली कडी १८७०ची निघाली. हीदेखील लंडनच्याच कारभाराची पावती आहे, असं पेढा खाताना कुणाच्या मनात आलं नाही. माझ्याही नाही. ते सुचलं दिवाळी सरल्यावर.

मुंबईशी इंग्रजांचा व्यवहार सुरू झाला तोच मुळी हुंडा आणि भाडेपट्टा यांच्यातून. १६६१च्या विवाह करारात पोर्तुगालच्या राजाने मुंबई दुसऱ्या चार्ल्सला दिली. त्याचे मुख्य सल्लागार लॉर्ड क्लॅरेंडन यांना मुंबई ब्राझीलच्या जवळपास कुठेतरी आहे असं वाटत होतं, अशी नोंद सापडते. राजालाही बेट परवडेना, म्हणून १६६८ मध्ये त्याने ते वर्षाला १० पौंड भाड्याने कंपनीला देऊन टाकलं. साष्टीही हुंड्यातच आली, असा इंग्रजांचा दावा होता; पोर्तुगीजांनी तो मानला नाही. त्यामुळे साष्टीच्या उत्तर टोकाची आपली गावं, म्हणजे मीरा, भाईंदर, घोडबंदर, त्या दहा पौंडांत बसली नाहीत. १७३७ मध्ये चिमाजी अप्पांच्या मोहिमेत साष्टी मराठ्यांकडे आली.

मग आलं १७७४ साल. लंडनमध्ये पंतप्रधान लॉर्ड नॉर्थ. त्यांच्या सरकारने आदल्या वर्षी नियामक कायदा करून मुंबई आणि मद्रासच्या इंग्रजांना कलकत्त्याच्या गव्हर्नर जनरलच्या दाव्याला बांधलं होतं. त्याच्या संमतीवाचून युद्ध नाही, तह नाही. ऑक्टोबरमध्ये नवं मंडळ कलकत्त्यात कामाला लागलं आणि डिसेंबरात मुंबईकरांनी कुणाला न विचारता ठाण्याचा किल्ला घेतला. पाठोपाठ १७७५ मध्ये रघुनाथरावांशी सुरतेचा तह करून वसई आणि साष्टी पदरात पाडून घेतली. कलकत्त्याने कान उपटले, तह मोडीत काढला आणि १७७६ मध्ये पुरंदरचा नवा तह केला. एवढ्यात जहाजातून विलायतेचं पत्र आलं. कंपनीच्या संचालकांना सुरतेचाच तह पसंत होता! कायदा करणारे एक, नोकरी देणारे दुसरे, आणि पत्र पोचायला काही महिने. या गोंधळातून पेटलेलं युद्ध १७८२च्या सालबाईच्या तहाने मिटलं. इंग्रजांनी वसई परत केली, साष्टी ठेवली. त्याच वसंतात नॉर्थ पायउतार झाले होते. वसईची खाडी मात्र पेशवाई संपत आली तोवर, जवळजवळ ३५ वर्षं, दोन राज्यांची हद्द होऊन राहिली. आज भाईंदरहून सुटलेली विरार लोकल नायगावला पोचेपर्यंत दारातल्या माणसाची कूसही बदलत नाही.

पण आमच्या वकिलाच्या कागदाची गोष्ट त्यानंतरची. १८७० मध्ये सरकारने भाईंदर, मीरा आणि घोडबंदर या गावांतल्या जमिनी रामचंद्र लक्ष्मणजी यांना पट्ट्याने दिल्या. समुद्राचं खारं पाणी शेतात शिरतं, ते अडवायला त्यांनी बांध घालायचे आणि बदल्यात शेतकऱ्यांच्या पिकात वाटा घ्यायचा. मुदत ९९९ वर्षं. पुढे हे हक्क फिरत फिरत इस्टेट इन्व्हेस्टमेंट कंपनीकडे आले आणि तिच्या 'ना हरकत'वरून इथे सरकारदरबारी आणि कोर्टात किती वाद झाले, ते भाईंदरकरांना मी सांगायला नको.

खारबंदिस्ती म्हणजे काय, हे खाडीकाठी वाढलेल्याला विचारावं. बांध एकदा घालून भागत नाही. उधाण आलं की तो खचतो, खांडी जातात, उघडी तुंबते आणि पुन्हा चिखलात उतरावं लागतं. बांधाला पैसा लागतो, तो घालणाऱ्याला मोबदला हवा, हे मला मान्य आहे. पण हजाराला एक कमी एवढी वर्षं?

१८७० मध्ये पंतप्रधान होते ग्लॅडस्टन. इंग्लंडच्या उदारमतवादी राजकारणाचा हा मेरुमणी. त्याच वर्षी त्यांनी आयर्लंडसाठी जमीन कायदा केला. कुळाने जमिनीत सुधारणा केली असेल तर त्याला भरपाई, विनाकारण हुसकावलं तर नुकसानभरपाई. कायदा तोकडा होता, ११ वर्षांनी पुन्हा करावा लागला. तरी जमीन कसणाऱ्याच्या घामाला किंमत आहे, हे त्यात कबूल केलं होतं. इथे, त्याच राणीच्या राज्यात, त्याच वर्षी, घामाची किंमत पट्टेदाराच्या खात्यावर चढली. ग्लॅडस्टनना भाईंदर ठाऊक असेल असं मला वाटत नाही, आणि पट्टा काही त्यांनी लिहिला नाही. मुंबईचे गव्हर्नर तेव्हा सर सीमोर फिट्झजेराल्ड, हुजूर पक्षाचे माजी खासदार. पण भारतमंत्री कोण होते पाहा. ड्यूक ऑफ आर्गाइल, स्कॉटलंडचे बडे जमीनदार. १८८१ मध्ये आयरिश कुळांना आणखी हक्क द्यायची वेळ आली, तेव्हा ते चक्क मंत्रिमंडळ सोडून गेले. आयरिश कुळांच्या बाजूने वेस्टमिन्स्टरमध्ये आयरिश खासदार तरी होते. साष्टीतल्या कुळाचं तिथे कोण होतं? दादाभाई नौरोजी निवडून आले १८९२ मध्ये, तेही फिन्सबरीच्या मतांवर.

म्हणून 'आपला माणूस' या शब्दांवर माझा जीव फारसा जडत नाही. आर्गाइलही कुणाचा तरी आपला माणूस होताच.

हाँगकाँगच्या उत्तरेकडचा मुलूख इंग्रजांनी १८९८ मध्ये ९९ वर्षांच्या पट्ट्याने घेतला. १९९७ साली मुदत भरली आणि झेंडा उतरवून ते निघून गेले. ही गोष्ट मी कमिटीच्या सभेत सांगितली, जरा रंगवूनच. पेढेवाल्या काकांनी बोटांवर हिशेब करायचा प्रयत्न केला, मग मोबाईल काढला. "म्हणजे आपली मुदत २८६९ला भरते," ते म्हणाले, "तेव्हा काय करायचं?"

सचिवांनी मान वर न करता इतिवृत्तात लिहिलं, 'विषय पुढील सभेत घ्यावा.'

– खाडीकर