लपवलेले नाक

गेल्या पावसाळ्यात रात्री दहाच्या सुमारास ओळखीचे एक कुटुंब मुलीला घेऊन दवाखान्यात आले. तिने शहरात जाऊन नाकाची प्लास्टिक सर्जरी करून घेतली होती. घरी परतल्यावर ताप आला, नाक गच्च बंद झाले, ठणका वाढला. शेजारीपाजारी ‘जिन्यावरून पडली’ असे सांगितलेले. म्हणून दोन दिवस घरच्या घरी हळदीचा लेप चालला होता. नाकाच्या मधल्या पडद्यात रक्त साठले होते. ते वेळीच काढले नाही तर पू होतो, आतली कूर्चा विरघळते आणि नाक बसते. त्याच रात्री तिला तिच्या सर्जनकडे परत पाठवले. नाक वाचले.

‘‘आधी का नाही आणलंत?’’ मी विचारले. आई म्हणाली, ‘‘तुम्ही रागवाल असं वाटलं.’’

खरेच होते. वर्षभरापूर्वी मुलीने मला विचारले, तेव्हा ‘कशाला हवेत हे नसते उद्योग?’ म्हणून मीच तिला उडवून लावले होते.

शस्त्रक्रिया करावी की नाही, हे ज्याचे त्याने ठरवावे. पण केल्यावर निदान घरच्या डॉक्टरांपासून ती लपवू नये.

पहिले काही दिवस उशाला दोन-तीन उश्या घेऊन झोपावे. दोन आठवडे नाक शिंकरू नये. शिंक आलीच तर तोंड उघडून द्यावी. जड उचलणे, खाली वाकणे टाळावे. चार ते सहा आठवडे चष्म्याचा भार नाकावर नको. तपकीर, विडी-सिगारेट बंद. तेल लावून नाक चोळणे तर मुळीच नको. हाडे अजून जुळायची असतात. चमकी किंवा नथ सर्जनला विचारूनच घालावी. अॅस्पिरिनसारखी गोळी मनाने घेऊ नये. रक्त थांबत नसेल, ताप आला, ठणका वाढत गेला, पाण्यासारखा स्राव येऊ लागला किंवा नजर अंधुक झाली, तर सकाळची वाट पाहू नये.

डोळ्यांखालचे काळेनिळे डाग साधारण दोन आठवड्यांत जातात. शेंड्याची सूज मात्र पुरती उतरायला वर्षही लागते. तेव्हा साखरपुडा महिन्यावर आला असताना घाईने शस्त्रक्रिया करू नये आणि महिन्याभरात आरशात पाहून ‘बिघडले’ म्हणून रडूही नये.

त्या मुलीचे नाक आता छान दिसते. त्या रात्रीपासून मी मात्र एक पथ्य पाळतो : रुग्णाचे आधी ऐकून घ्यायचे, रागवायचे असेल तर नंतर.