ललिताबाईंचा डावा डोळा

ललिता पवार यांचे नाव निघाले की बहुधा एकच हकीकत सांगितली जाते. १९४२ साली एका चित्रपटाचे चित्रण चालू होते. प्रसंगात त्यांना थोबाडीत मारावयाची होती.  समोरच्या नटाचा हात भलताच जोरात बसला. ललिताबाईंच्या चेहऱ्याला लकवा झाला, डाव्या डोळ्याला इजा पोहोचली आणि पुष्कळ उपचार होऊनही तो डोळा कायमचा बारीक राहिला. नायिकेच्या भूमिका संपल्या. परंतु त्या डोळ्यामुळेच खाष्ट सासवांच्या भूमिका चालून आल्या आणि बाई मोठ्या झाल्या, असे हकीकतीचे तात्पर्य काढतात.

हकीकत खरी आहे. तात्पर्य मात्र चुकीचे आहे. अपघाताने जर कोणी थोर नट होत असते, तर आपली इस्पितळे नटांनी भरून गेली असती!

ललिताबाईंचा जन्म १९१६ साली नाशिक जिल्ह्यातील येवले येथे झाला. त्यांचे मूळचे नाव अंबा. लहान वयातच त्या मूकपटांत कामे करू लागल्या. मूकपटात आवाज नसे. राग, भीती, कपट, माया, जे काही सांगावयाचे ते चेहऱ्यानेच सांगावे लागे. पुढे बोलपट आले, त्यांतही त्यांनी कामे केली. म्हणजे तो दुर्दैवी दिवस उजाडला तेव्हा त्यांच्यापाशी कित्येक वर्षांची कमाई होती. डोळा अधू झाला. ही कमाई अधू झाली नाही. १९४४ सालच्या 'रामशास्त्री' चित्रपटात त्यांनी आनंदीबाई उभी केली, ती या कमाईच्या बळावर.

आणि तो डोळा केवळ दुष्टपणाच दाखवीत होता काय? १९५० सालच्या 'दहेज'मध्ये हुंड्यासाठी सुनेला छळणारी सासू त्यांनी केली, तेव्हा त्याच डोळ्याची प्रेक्षकांना भीती वाटली. परंतु पाचच वर्षांनी 'श्री ४२०' आला. त्यात मुंबईच्या रस्त्यावर केळी विकणारी गंगामाई आहे. ती तोंडाने फटकळ आहे, पण परगावाहून आलेल्या फाटक्या तरुणाला ती आपलेसे करते. १९५९ सालच्या 'अनाडी'तील मिसेस डिसा ही घरमालकीण अशीच. भाड्यासाठी ती भाडेकरूवर खेकसते आणि पोटच्या मुलासारखी त्याच्यावर मायाही करते. भेसळीच्या औषधाने तिचा मृत्यू होतो, तेव्हा प्रेक्षकाला घरचेच माणूस गेल्यासारखे वाटते. चेहरा तोच, डोळाही तोच. मग भीतीच्या जागी माया कोठून आली? डोळ्याला श्रेय देणाऱ्यांनी या प्रश्नाचे उत्तर द्यावे.

'अनाडी'तील कामाबद्दल त्यांना फिल्मफेअरचे पारितोषिक मिळाले. ते 'सहायक' अभिनेत्रीचे होते. हा शब्द व्यवहाराला सोयीचा आहे, तथापि तो थोडा फसवाही आहे. नायक एका चित्रपटात एकच असतो आणि त्याचे सगळेच कौतुक करतात. परंतु तो ज्या घरात राहतो ते घर खरे वाटावे, ज्या रस्त्यावर उपाशी बसतो तो रस्ता खरा वाटावा, हे काम घरमालकिणीने आणि केळीवालीने करावयाचे असते. शिवाय त्यासाठी त्यांच्या वाट्याला येतात ते मोजके प्रसंग. नायकाचे एका ठिकाणी चुकले तर पुढे सावरून घेता येते. त्यांना ती सवलत नाही.

१९८७ साली दूरदर्शनवर 'रामायण' मालिका सुरू झाली. रविवारी सकाळी ज्यांच्या घरी दूरदर्शन संच असे, त्यांच्याकडे शेजारीपाजारी गोळा होत. त्या मालिकेत ललिताबाई मंथरा झाल्या. तेव्हा त्यांचे वय सत्तरीच्या घरात होते. मंथरेचे काम तसे थोडे. अयोध्येत आनंदीआनंद चालला आहे आणि एक वाकलेली म्हातारी कैकेयीच्या महालाकडे निघाली आहे. तिने अजून कैकेयीला एक शब्दही सांगितलेला नसतो, तोच बघणाऱ्या मुलांना कळून चुकते की आता रामाचा राज्याभिषेक होत नाही.