ग्राऊसची शिकार आणि माळरानाची मालकी

स्कॉटलंड आणि उत्तर इंग्लंडच्या माळरानांवर दरवर्षी १२ ऑगस्टला तांबड्या ग्राऊसच्या शिकारीचा हंगाम सुरू होतो. तो १० डिसेंबरपर्यंत चालतो. ब्रिटनच्या उमराव वर्गात 'वैभवशाली बारावी' म्हणून मिरवणारा हा दिवस आता वादाचा झाला आहे.

एकोणिसाव्या शतकात व्हिक्टोरिया राणीचे बाल्मोरलप्रेम, रेल्वे आणि झटपट भरता येणारी बंदूक यांमुळे या खेळाला प्रतिष्ठा लाभली. निशाणे फडकावत हाकारे रान उठवतात आणि आडोशामागचे पाहुणे वेगाने येणाऱ्या पक्ष्यांवर बार काढतात. पाहुणा एका दिवसासाठी हजारो पौंड मोजतो. हाकारा मात्र रोजंदारीवर असतो.

ग्राऊस हा वन्य पक्षी आहे. त्याची संख्या वाढवायची, तर माळच त्याच्या सोयीने राखावा लागतो. कोवळ्या कोंबांसाठी हेदरची झुडपे जाळली जातात, कोल्हे मारले जातात. या जाळण्याने कार्बन साठवणाऱ्या पीट मातीची हानी होते, असा पर्यावरणवाद्यांचा आक्षेप आहे. ग्राऊसची पिल्ले खाणारा हेन हॅरियर हा भोवत्या कायद्याने संरक्षित आहे. तरीही त्याची हत्या थांबलेली नाही. निर्जन माळावर पुरावा मिळणेही कठीण.

मालकांचा युक्तिवादही दुर्लक्षिण्याजोगा नाही. शिकार थांबल्यास गेमकीपरची नोकरी जाईल आणि अनेकदा नोकरीबरोबर मिळालेले घरही. जमिनीवर घरटी करणाऱ्या कुरलसारख्या पक्ष्यांना या राखणीचा लाभ होतो, असेही ते सांगतात.

या वादाच्या मुळाशी जमिनीचा प्रश्न आहे. १९३२ मध्ये किंडर स्काउटवर शेकडो कामगार तरुण चालून गेले, तेव्हा त्यांना अडवणारे गेमकीपरच होते. पाच जणांना तुरुंगवास झाला. मुक्त संचाराचा हक्क कायद्यात येण्यास मात्र २००० साल उजाडले.

स्कॉटलंडने २०२४ च्या कायद्याने शिकारीसाठी परवाना सक्तीचा केला. गुन्हा शाबीत होण्यापूर्वीही तो रद्द होऊ शकतो. इंग्लंडमध्ये लाखाहून अधिक स्वाक्षऱ्यांच्या अर्जावर जून २०२५ मध्ये संसदेत चर्चा झाली. सरकारने बंदीचा विचार नसल्याचे सांगितले.

सरसकट बंदीपेक्षा परवान्याचा मार्ग व्यवहार्य दिसतो. त्यात रोजगार टिकतो आणि मालकावर जबाबदारीही येते. मात्र परवाना रद्द करण्याचे धैर्य यंत्रणेने दाखवले नाही, तर तो कागदच ठरेल.